पुन्हा आणि परत

सूप निवून त्यावर साय धरली, तरी उठून ते कोणी गरम करायला ठेवलं नाही. एरवी या घरात असं चालत नसे. चहा जरा कोमट वाटला की तो ओतून नवा व्हायचा, चादरीची घडी बोटभर तिरकी पडली की सगळी मोडून पहिल्यापासून घातली जायची. पाहुण्यांना याचं इतकं कौतुक वाटायचं की घरातल्यांनाही ते कौतुकाचंच वाटू लागलं होतं. पण काल संध्याकाळी जे झालं, त्यानंतर कोणालाच काही नीट करायची हिंमत उरली नव्हती.

घर वर आणि बॅलेची शाळा खाली, हे पहिल्यापासूनचं. खालच्या हॉलला आज कुलूप होतं. बाबांनी सकाळी दारावर 'आज वर्ग नाहीत' असा कागद चिकटवला, तो जरा वाकडा लागला आणि त्यांनी तो तसाच राहू दिला. वर जेवणाच्या टेबलाभोवती चौघं होती. शाळा काढणाऱ्या मोठ्या बाई. ती आता चालवणारी त्यांची धाकटी लेक, जिला शाळेत छोट्या बाई आणि घरात छोटी म्हणत. छोटीचा नवरा म्हणजे बाबा, जे वर्गांना पियानो वाजवत. आणि थोरली लेक ताई, जी दातांची डॉक्टर होती आणि या घरात फक्त अडीअडचणीला यायची. पाचवी आतल्या खोलीत होती, प्लास्टरमधला पाय दोन उशांवर ठेवून. छोटीची आणि बाबांची लेक, सोळा वर्षांची. चालायला लागली तेव्हापासून जागच्या जागी गिरक्या घ्यायची म्हणून तिला भिंगरी म्हणायचे. कालपासून ते नाव घेताना सगळ्यांची जीभ अडखळत होती.

"मी तिला घेऊन जाते," ताई म्हणाली. "आजच. ऑपरेशन माझ्या घराजवळच्या हॉस्पिटलमध्ये करू, तिथले डॉक्टर माझ्या ओळखीचे आहेत. माझ्याकडे लिफ्ट आहे आणि खाली शाळा नाही. पोरीने दिवसभर पडून खालचा पियानो ऐकायचा म्हणजे काय?"

"तिला विचारलंस?" छोटीने विचारलं.

"तीच म्हणाली. काल हॉस्पिटलमध्येच म्हणाली, मावशी, मला तुझ्याकडे ने."

"किती दिवस?"

"ते तिचं ती बघेल. यायचं की नाही, तेही तिचं तिलाच ठरवू दे."

छोटीने पाव पुढे ओढला आणि कापायला घेतला. पाव कोणालाच नको होता.

"आणि का म्हणाली, तेही बोलू या एकदा," ताई आता आईकडे वळली. "काल पोर स्टेजवर पडली. पाऊल मोडलं होतं तिचं. सगळं सभागृह चिडीचूप. आणि तू तिसऱ्या रांगेतून म्हणालीस, 'पुन्हा'. भर कार्यक्रमात, आई. आणि ती उठली. त्या पायावर उठली आणि शेवटपर्यंत नाचली."

छोटीची सुरी थांबली, मग पुढे चालू झाली. बाबांनी मान वर करून बायकोकडे पाहिलं. तिने वर पाहिलं नाही.

"म्हणालीस की नाही?" ताईने विचारलं.

मोठ्या बाईंनी हातातला रुमाल टेबलावर ठेवला आणि त्याच्या कडा जुळवल्या. या वयातही त्यांची पाठ कधी खुर्चीला टेकत नसे.

"म्हणाले," त्या म्हणाल्या.

छोटी पाव कापतच राहिली.

*

बाबांचं सगळं आयुष्य कानांवर चाललेलं. तरुणपणी या शाळेत वर्गांना साथ करायला आले, पियानोच्या मागून एका मुलीच्या पायांचा आवाज इतरांहून हलका येतो हे त्यांनी ओळखलं आणि तिच्याशी लग्न केलं. त्यानंतर सासूबाईंच्या घरात त्यांनी बोलण्याचं काम जवळजवळ सोडूनच दिलं, कारण दोन बायका बोलायला पुरेशा होत्या.

काल ते स्टेजच्या खाली पियानोवर होते. पहिल्या रांगेत मोठ्या अकादमीच्या निवड करणाऱ्या बाई येऊन बसल्या होत्या, भिंगरीलाच बघायला. भिंगरी मोठ्या उडीतून खाली आली आणि पाऊल तिला सांभाळेना. ती पडायच्या आधी त्यांना आवाज ऐकू आला, लहानसा, कोरडा. त्यांनी हात उचलले. सभागृह शांत झालं. आणि मागच्या अंधारातून तो शब्द आला. मोठ्याने नाही, रागाने नाही. रोज वर्गात येतो तसाच, जणू काहीच झालेलं नाही.

"परत."

आणि बाबांच्या हातांनी, त्यांना न विचारता, आठ मात्रा मागे जाऊन वाजवायला सुरुवात केली.

तेवढंच त्यांच्या मनातून जात नव्हतं. शब्द कोणाचा, ते त्यांना त्याच क्षणी कळलं होतं. वीस वर्षं ज्या आवाजाशेजारी झोपलो तो ओळखायला काय लागतं? पण शब्द तर नुसता शब्द होता. ते वाजवत राहिले नसते, तर पोरीला नाचायला काही नव्हतंच. ती उठून हसत नाचली, लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते, मग ती विंगेत गेली, बूट घसरू नयेत म्हणून तळव्यांना लावायच्या राळेच्या पेटीवर बसली आणि तिथल्या एका लहान मुलीला म्हणाली, माझा बूट काढ, पण हळू.

हॉस्पिटलात डॉक्टरांनी फोटो उजेडासमोर धरला आणि म्हणाले की चीर जुनी दिसते, काल फक्त हाड पूर्ण तुटलं. "हिला बरेच दिवस दुखत असणार. घरात कोणाच्या लक्षात नाही आलं?" घरातले सगळे डॉक्टरांच्या बुटांकडे बघत राहिले. बाबाही. त्यांच्या लक्षात आलं होतं. डाव्या पायावरून ती वर उशिरा येते, हे त्यांना ऐकू येत होतं, म्हणून त्या जागी ते लय किंचित खेचून धरायचे, तिला वेळ मिळावा म्हणून. कोणाला कळू नये इतकं सफाईने. त्यांना वाटलं होतं, हेच आपलं प्रेम. काल त्या पांढऱ्या खोलीत त्यांना त्या सफाईची एवढी लाज वाटली की ते पाणी प्यायच्या निमित्ताने बाहेर जाऊन उभे राहिले.

आणि आत भिंगरी फोटो काढणाऱ्या माणसाला विचारत होती, "पाय ठीक ठेवला होता का मी? परत ठेवू?"

*

ताईने कालचा तो शब्द ऐकलेलाच नव्हता. गाडी लावायला जागा मिळेना म्हणून ती उशिरा पोचली, आणि बाहेरच्या पायऱ्यांवर दोन बायका बोलत होत्या, "शाळेच्या म्हाताऱ्या बाई असतील. एवढ्या पडलेल्या पोरीला उठवलं हो." ताईला पुराव्याची गरज नव्हती. तिच्या लहानपणाला एकच आवाज होता.

भिंतीला लावलेल्या आडव्या लाकडी दांड्याला बॅलेवाले बार म्हणतात. नव्या मुलींचे वडील तो शब्द ऐकून एकमेकांकडे बघून हसायचे, म्हणून मोठ्या बाईंनी या शाळेपुरता त्याला 'दांडा' करून टाकला होता. त्या दांड्याला धरून ताई वाढली आणि भिंगरीहूनही लहान असताना तो सोडून गेली. एक दिवस भर वर्गातून ती सरळ दाराबाहेर चालती झाली होती. या शाळेत 'बरोबर' असं कोणी म्हणत नसे. चुकलं तर पहिल्यापासून, नाही चुकलं तर पुढचं. पुढचं सांगितलं गेलं, यातच काय ते कौतुक समजून घ्यायचं. ताईला दातांचा धंदा आवडला तो यासाठीच, की तिथे काम झालं की माणूस आरशात बघून बरं झालं म्हणतो आणि घरी जातो.

आता टेबलापाशी बसून ती जिंकली होती. आई एका शब्दात कबूल झाली होती. ताईला याहून जास्त भांडण हवं होतं, ते मिळालं नाही. आणि तिला आठवलं की सकाळी निघण्याआधी तिने आपल्या घरच्या रिकाम्या खोलीत नवा पडदा लावला होता. पडदा आज घेतलेला नव्हता. तो केव्हाचा घडी करून कपाटात पडला होता, कधीतरी भिंगरी येईल म्हणून. म्हणजे हा दिवस यावा असं आपल्याला वाटत होतं की काय, हा विचार मनात आला आणि तिने सुपाची वाटी उगाच जवळ ओढली.

"सूप गार झालंय," ती म्हणाली.

"असू दे," मोठ्या बाई म्हणाल्या.

*

स्वयंपाकघरात छोटी एक स्वच्छ पातेलं घासत होती. बाबा दारात येऊन उभे राहिले.

"ताईला सांगायचं नाही का?"

"काय सांगायचं?"

"मला ऐकू येतं, छोटी. बाकी काही येत नसेल, पण ऐकू येतं."

तिने नळ बंद केला. "मी ठरवून नाही रे म्हणाले. आपोआप बाहेर पडला तो शब्द. पडल्यावर कळलं की आवाज माझा होता."

"मीही आपोआपच वाजवलं."

"तू वाजवायचं नव्हतंस."

"तू म्हणायचं नव्हतंस."

लग्नाला इतकी वर्षं झाली, पण भांडताना एकमेकांकडे बघणं त्यांना जमलं नव्हतं. दोघंही त्या पातेल्याकडेच बघत होती.

"हे बघ," बाबा हळू आवाजात म्हणाले, "तू 'परत ये' म्हणत होतीस."

"काय?"

"परत ये. बस झालं पोरी, आत ये. 'ये' तोंडातच राहिलं आणि मी घाईने वाजवायला लागलो, त्यात बुडालं. असं झालं असेल की नाही?"

"असं झालं नाही."

"झालं असतं तर कोणाला कळणार होतं? दोष माझ्यावर येईल, येऊ दे. ऐकायला चुकलो म्हणेन. तिला आई तरी राहील."

ते गेले. छोटी ओल्या हाताने तशीच उभी राहिली. परत. परत ये. एका अक्षराचं तर काम होतं. तिने मनातल्या मनात ते म्हणून पाहिलं, मग ओठ हलवून, आणि प्रत्येक वेळी ते आधीपेक्षा जास्त खरं वाटू लागलं. आपण तालीम करतोय, हे तिच्या ध्यानात आलं आणि कानशिलं तापली.

मोठ्या बाई आत आल्या. पाणी हवंय म्हणाल्या. पेला घेतला आणि भरला नाही.

"बाई, तुम्ही ताईला 'म्हणाले' का म्हणालात?" छोटीने विचारलं. ती आपल्या आईला बाईच म्हणायची, आणि तुम्ही. वर्गात सगळ्यांसारखं म्हणायचं अशी सक्ती होती, ते घरीही चिकटलं. ताईने मात्र शाळा सोडली त्या दिवशी हट्टाने 'आई' आणि 'तू' सुरू केलं होतं.

"पोरीला कोणाचा तरी राग येणारच. माझा आलेला बरा. मी म्हातारी झाले, मला तो फार काळ वागवावा लागणार नाही."

"पण खोटं आहे ते."

"अर्धंच. माझ्याही जिभेवर होता. तू आधी बोललीस, एवढंच."

मोठ्या बाईंच्या स्वतःच्या गुरूकडे वेताची छडी होती. पोटरीवर पडायची. शाळा काढताना त्यांनी ठरवलं होतं की इथे छडी असणार नाही, आणि जन्मभर त्यांनी कोणा मुलीला बोट लावलं नाही. सगळ्या मुलाखतींत त्या हे सांगायच्या. छडीच्या जागी आपण काय ठेवलं, हे त्यांना कोणी विचारलं नाही आणि त्यांनीही कधी स्वतःला विचारलं नव्हतं.

"तुला सांगते," त्या नळाकडे बघत म्हणाल्या, "पोर पडली, तू म्हणालीस, आणि मला काय वाटलं माहितेय? मला बरं वाटलं. वाटलं, चला, ही तयार झाली. माझ्यामागे शाळा नीट चालेल." त्यांनी रिकामा पेला दुसऱ्या हातात घेतला. "नात खाली पडलेली होती, आणि मला हे वाटलं. म्हणून ताईपुढे 'म्हणाले' म्हणणं मला जड गेलं नाही."

छोटीने त्यांच्या हातातून पेला घेतला, भरला आणि परत दिला. आपल्या आईला लाज वाटते आहे, हे ती जन्मात पहिल्यांदा बघत होती, आणि तिला धीर द्यायला लागणारा एकही शब्द या घरात शिकवलेला नव्हता.

*

आतल्या खोलीत भिंगरीची बॅग भरून तयार होती. मावशीने कपडे कसेबसे कोंबले होते, आणि भिंगरीने पडल्या पडल्या वरचे दोन बाहेर काढून पुन्हा घडी घातले होते.

"दुखतंय?" छोटीने विचारलं.

"गोळी घेतलीये."

"आजीला आत यायचंय."

"आता नको." ती उशी नीट करत होती, जी नीटच होती. "नंतर येऊ दे. मी तिकडे गेल्यावर फोन करीन तिला."

छोटी पलंगाच्या कडेला बसली. सांगायचं ते पाठ झालेलं होतं, तरी सुरुवात सापडेना.

"भिंगरी, काल ते... आजी नव्हती म्हणाली."

"माहितेय."

"कसं?"

"आजी 'पुन्हा' म्हणते." भिंगरीने आईकडे असं पाहिलं, जसं अगदी सोपा प्रश्न विचारणाऱ्याकडे बघतात. "तू 'परत' म्हणतेस. मावशीला नाही माहीत, ती कुठे तुझ्या वर्गात होती?"

बाहेर ताईचा आवाज आला, गाडीच्या किल्ल्या कोणी बघितल्या का म्हणून.

"मग तू मावशीला सांगितलं का नाहीस?"

"आजीवर रागावलं की तू उरतेस," भिंगरी म्हणाली. "तुझ्यावर रागावलं की कोण उरतं? बाबा तर काय, वाजवतात." हे तिने रडत म्हटलं नाही. विचार करून ठेवलेलं होतं. "म्हणून मी ठरवलं, आजीच होती असं समजायचं."

छोटीच्या घशात ते वाक्य आलं. आणि ती म्हणालीही.

"मी 'परत ये' म्हणत होते, बाळ. आत ये, असं. 'ये' तोंडातच राहिलं, आणि बाबांनी वाजवायला सुरुवात केली."

भिंगरी तिच्याकडे बघत राहिली. छोटीला वाटलं होतं, पोरीचा चेहरा सैल होईल. तो झाला नाही. कपाळावर एक बारीक आठी आली, वर्गात गिरकी चुकल्यावर यायची ती. कुठे चुकलं ते शोधायची आठी.

"म्हणजे मी चुकीचं ऐकलं?"

"अगं..."

"म्हणजे तू मला बोलावत होतीस, आणि मीच उठून नाचत बसले." ती मनाशी जुळवत होती. "पडल्यावर कानात कसलातरी आवाज होत होता माझ्या. त्याने असेल. मी तुझ्याकडे बघायला हवं होतं, तुझा हात तरी दिसला असता. सॉरी, आई. मी जरा थांबले असते तर पाय वाचला असता ना? डॉक्टर म्हणाले, नाचली नसती तर एवढं झालं नसतं. मग ते माझंच झालं."

ती हे सगळं शहाण्या मुलीसारखं म्हणत होती. आणि छोटीला दिसत होतं की आता फक्त गप्प बसायचं आहे. पोरीने चूक आपल्या अंगावर घेतली होती, इतक्या सफाईने, की आईने दिलेलं खोटं तिनेच नीट घडी घालून ठेवलं होतं. आई उरणार होती. पोरगी तिकडे जाऊनही रोज फोन करणार होती. बाहेर आजी होती, बाबा होते, आणि हे खोटं सांभाळायला सगळे तयार होते. छोटीला इतकी लाज वाटली की तिला पोरीचा हात धरवेना.

"नाही," ती म्हणाली. "तू बरोबर ऐकलंस."

"काय?"

"तू बरोबर ऐकलंस. मी 'परत' म्हणाले. 'ये' वगैरे काही नव्हतं. ते मी आत्ता स्वयंपाकघरात बनवलं." आता थांबता येणार नव्हतं. "तू पडलीस तेव्हा मला तू दिसलीच नाहीस. चुकलेली उडी दिसली. आणि तुझ्या डाव्या बुटात मी कापूस भरत होते ना, फिती शिवताना?"

"माझं बोट आखूड आहे म्हणून."

"तुझं बोट आखूड नाही. तू पाऊल टेकताना ओठ चावायचीस, ते मी बघत होते. विचारलं असतं तर तू सांगितलं असतंस. मग अकादमीच्या बाईंना काय सांगायचं, म्हणून मी विचारलं नाही. कापूस भरला."

भिंगरीने प्लास्टरमधून बाहेर आलेल्या आपल्या बोटांकडे पाहिलं, सगळ्यांकडे, आळीपाळीने.

"तू मला बरोबर म्हणालीस," ती म्हणाली.

त्यात आनंद नव्हता. इतकी वर्षं ज्याची वाट बघितली ते हे, आणि असं, एवढंच होतं. मग तिने तोंड भिंतीकडे केलं आणि रडायला लागली, आधी आवाज न करता, तिला शिकवलं होतं तसं, आणि मग लहान मुलासारखं, नाक ओढत, वेडंवाकडं. छोटीने तिला गप्प केलं नाही. तिच्या पाठीवर हात ठेवावा का, हे तिला कळेना. शेवटी तिने ठेवला, आणि पोरीने तो झटकून टाकला, आणि ती तशीच बसून राहिली.

*

बाहेर येऊन ती टेबलापाशी उभी राहिली.

"ताई, काल आई नव्हती म्हणाली. मी म्हणाले."

मोठ्या बाईंनी चटकन वर पाहिलं. खोटं उघडं पडलं म्हणून नव्हे. छोटीच्या तोंडून 'आई' त्यांनी किती वर्षांत ऐकलं नव्हतं.

"कशाला बोललीस," त्या पुटपुटल्या.

ताई एकीकडून दुसरीकडे बघत होती. सकाळपासून तिने मनात जमवून ठेवलेलं सगळं भलत्याच पत्त्यावर गेलं होतं. "आणि तू सरळ 'म्हणाले' म्हणालीस?" तिने आईला विचारलं.

"तू विचारलंस कुठे?" मोठ्या बाई म्हणाल्या. "तू सांगत होतीस."

बाबा उठले, मग बसले. "मी वाजवलं," ते म्हणाले, कोणी विचारलेलं नसताना. "लय मी सांभाळून घेत होतो. मलाही माहीत होतं." मग ते पुन्हा उठले आणि तोंड धुवायला गेले.

"तरी मी तिला नेणार," ताई म्हणाली. आवाज आता खाली आला होता.

"ने," छोटी म्हणाली. "मी थांबवत नाही."

"आता तुझ्यामुळे जाईल ती. आधी आईमुळे जात होती."

"हो."

ताईला अचानक तिची धाकटी बहीण आठवली, दांड्यापाशी, केसांचा घट्ट अंबाडा, आपण दारातून निघून जाताना आरशातून बघत असलेली. तेव्हा आपण एकट्याच गेलो, हिला नेलं नाही, हे तिच्या मनात आलं. ती किल्ल्या शोधू लागली. त्या तिच्या हातातच होत्या.

*

भिंगरीला बाबांनी पाठीवर घेतलं. जिना अरुंद, आणि रस्त्यावर जायची वाट हॉलमधूनच, म्हणून कुलूप काढावं लागलं. आत दिवे लावायचं कोणाला सुचलं नाही. तिन्ही भिंतींच्या आरशांमधून ती सगळी चालत गेली, पुढे बाबा वाकलेले, त्यांच्या पाठीवर पोरगी, तिचा पांढरा पाय पुढे आलेला, मागे बॅग घेतलेली ताई, मग छोटी, मग काठी न घेता उतरलेल्या मोठ्या बाई. एरवी या हॉलमध्ये पाऊल टाकलं की घरातल्या प्रत्येकाची मान आपोआप वर व्हायची. आज सगळ्यांनी जमिनीकडे बघत तो पार केला. पियानोजवळून जाताना बाबांचा पाय किंचित अडला आणि भिंगरीने त्यांच्या गळ्याभोवतीचे हात घट्ट केले. बस, एवढंच.

गाडीत मागच्या सीटवर तिला आडवं बसवलं. मावशीने पायाखाली उशी सरकवली, ती तिरकी बसली. छोटीचा हात खिडकीतून आत गेला आणि अर्ध्यातून मागे आला.

मोठ्या बाई पायरीवरूनच म्हणाल्या, "भिंगरे."

"काय, आजी."

मोठ्या बाईंना बरंच काही म्हणायचं असावं. "पाय वर ठेव," त्या म्हणाल्या.

"हो."

ताईने गाडी सुरू केली. भिंगरीने काच खाली घेतली. डोळे सुजलेले होते, केस सकाळपासून कोणी विंचरले नव्हते. तिने आईकडे बघितलं, नीट, बराच वेळ.

"जाते मी," ती म्हणाली.

जाते नाही म्हणायचं, येते म्हणायचं. हे या घरातल्या प्रत्येक पोरीला बोलायला लागल्यापासून सांगितलं होतं, आणि प्रत्येक वेळी सुधारून घेतलं होतं, दारात, जिन्यात, शाळेची बस हॉर्न वाजवत असताना. मोठ्या बाईंचं तोंड उघडलं. छोटीचंही उघडलं. आपापला तो शब्द दोघींच्या जिभेवर एकदमच आला होता, आणि भिंगरी काच खाली ठेवून वाट बघत होती.

छोटीने तोंड मिटलं. तिच्याकडे बघून मोठ्या बाईंनीही मिटलं.

"हो," छोटी म्हणाली. "जा."

गाडी कोपऱ्यावरून वळली. मायलेकी पायरीवर तशाच उभ्या राहिल्या, आणि दारावरचा वाकडा कागद वाऱ्याने हलत राहिला, आणि दोघींपैकी कोणीही तो सरळ केला नाही.